वायादोलिदला झोपा, आठला गेटवर उभे राहा: चिचेन इत्सा आणि सेनोटेंची छोट्या ग्रुपची एक दिवसाची ट्रिप

मेक्सिकोतल्या कॅनकूनला जाणारी आपली मंडळी आता काही कमी नाहीत. थँक्सगिव्हिंग असो नाहीतर डिसेंबरची सुट्टी, डॅलस, ह्यूस्टन, न्यू जर्सी कुठूनही बघा, ऑल इन्क्लुझिव्ह रिसॉर्ट बुक होतं, दोन दिवस बीचवर लोळून झालं की अंगात किडा वळवळायला लागतो आणि लॉबीतल्या टूर डेस्कवर 'चिचेन इत्सा + सेनोटे + बुफे लंच' असा बोर्ड दिसला की सगळे त्यात नावं देऊन मोकळे. मग पन्नास सीटची बस सकाळी सहापासून हॉटेलं हॉटेलं फिरत माणसं गोळा करते, वाटेत 'हस्तकला केंद्र' नावाच्या दुकानात अर्धा तास थांबवते, आणि बरोब्बर अकरा-साडेअकराला, म्हणजे ऊन डोक्यावर आणि बाकीच्या सगळ्या बसेस पार्किंगमध्ये अशा मुहूर्तावर तुम्हाला पिरॅमिडसमोर उतरवते. नंतर सेनोटेत, म्हणजे जमिनीतल्या पाण्याच्या खोल कुंडात, चाळीस मिनिटं, ती पण शंभर-दीडशे लाइफ जॅकेटवाल्यांच्या मधे.

याचं साधं कारण एवढंच की मुक्काम समुद्रावर आहे आणि बघायचं ते, म्हणजे चिचेन इत्सा हे माया संस्कृतीचं जुनं शहर, दोनशे किलोमीटर आत आहे. म्हणून माझा सल्ला सरळ आहे, आदल्या रात्री चिचेनपासून पाऊण तासावरच्या वायादोलिद गावी येऊन झोपा. चार ते आठ जणांचा ग्रुप असेल तर हे अगदी सहज जमतं, आणि एकूण खर्च त्या बसच्या तिकिटांपेक्षा फार वेगळा येत नाही. खाली सगळं ओळीने लिहिते, कुठून निघायचं, किती वाजता, काय आधी बघायचं, पाण्यात काय सांभाळायचं, खायचं काय.

आधी कागदपत्रं, थोडक्यात

भारतीय पासपोर्ट असेल तर मेक्सिकोचा व्हिसा लागतो, पण अमेरिका, कॅनडा, युके, जपान किंवा शेंगेन यांपैकी कुठलाही चालू व्हिसा पासपोर्टवर असेल, किंवा तिथलं पर्मनंट रेसिडन्स असेल, तर वेगळा व्हिसा नको. इथे एच-वन (अमेरिकेचा वर्क व्हिसा) वाल्यांनी जरा नीट ऐका, व्हिसा म्हणजे पासपोर्टमधला स्टॅम्प, आणि तो चालू हवा. नुसतं अप्रूव्हलचं पत्र आहे आणि स्टॅम्पची तारीख उलटलीये, तर ते चालत नाही. तिकीट काढायच्या आधी ग्रुपमधल्या प्रत्येकाचा पासपोर्ट उघडून बघा, आणि कॉन्सुलेटच्या साइटवर ताजे नियम वाचा. पुण्या-मुंबईहून थेट येणाऱ्यांनी ज्या देशातून विमान बदलताय तिथल्या ट्रान्झिटचं पण बघून ठेवा.

कुठलं भग्नावशेष निवडायचं

युकातान द्वीपकल्पात माया शहरं इतकी आहेत की यादी करत बसलं तर महिना जाईल. एका दिवसाच्या ट्रिपसाठी खरे पर्याय चार.

चिचेन इत्सा तर सगळ्यांना माहितीये, १९८८ पासून युनेस्कोच्या यादीत. गर्दी आहे, महाग आहे, वर चढता येत नाही, आणि तरीही पहिल्यांदा जाणाऱ्याने तेच बघावं असं माझं स्पष्ट मत आहे. तुलुम समुद्राच्या कड्यावर आहे, फोटो भारी येतात, पण बांधकाम त्या मानाने लहान आणि उशिराचं, आणि सावली जवळजवळ नाही. कोबा जंगलात पसरलेलं आहे, आत सायकल मिळते किंवा तीनचाकी सायकलरिक्षा, आणि तिथला नोहोच मुल पिरॅमिड ४२ मीटरचा म्हणजे चिचेनच्यापेक्षा उंच. तिथून निघणारा जुना पांढरा रस्ता जंगलातून जवळपास १०० किलोमीटर थेट याशुना या दुसऱ्या माया शहरापर्यंत जायचा, चाकाची गाडी आणि ओढायला जनावर यातलं काहीही नसताना. चौथा 'एक बालम' (पूर्ण नावच तसं), वायादोलिदच्या उत्तरेला अर्ध्या तासावर. हे माझं लाडकं. तिथल्या उंच अक्रोपोलिसवर गवताच्या छपराखाली चुन्याच्या गिलाव्यात घडवलेलं एक मोठ्ठं तोंड आहे, दातांसकट, आणि त्या जबड्यातून आत राजाच्या थडग्याचा दरवाजा. राजाचं नाव उकित कान लेक तोक, आठव्या शतकाच्या शेवटी तिथे राज्य करत होता. गिलावा आहे की काल केलाय असं वाटतं.

तर निवड अशी करा. पहिलीच खेप असेल तर चिचेन. चिचेन आधी पाहिलंय किंवा ग्रुपला गर्दीची ॲलर्जी आहे तर एक बालम आणि त्याच्या शेजारचा श्कान्चे सेनोटे, सायकलने जाता येतो, अर्ध्या दिवसात आरामात होतं. आणि कृपा करून एका दिवसात चिचेन, एक बालम आणि कोबा तिन्ही कोंबू नका. दुपारनंतर सगळे दगड सारखे दिसायला लागतात, मग कुणीतरी म्हणतं 'मी गाडीतच बसते', आणि तिकिटाचे पैसे तर गेलेले असतात.

कधी

नोव्हेंबर ते मार्च बेस्ट. एप्रिल-मेमध्ये उकाडा आपल्या विदर्भासारखा नसला तरी दमट असल्यामुळे जीव नकोसा होतो. जून ते नोव्हेंबर वादळांचा सीझन, रोज वादळ येतं असं नाही पण दुपारी धो धो पाऊस पडू शकतो, आणि जोराच्या पावसानंतर उघड्या सेनोटेंचं पाणी थोडं हिरवट-गढूळ दिसतं.

वार पण बघा. रविवारी मेक्सिकन नागरिकांना प्रवेश फुकट असतो, त्यांच्यासाठी चांगलंच आहे, त्यांचाच वारसा आहे, पण आपण मंगळ-बुध-गुरू पकडावा. मार्च आणि सप्टेंबरमध्ये दिवस-रात्र समान असतात तेव्हा दुपारी चिचेनच्या पिरॅमिडच्या उत्तरेच्या जिन्याच्या कठड्यावर उन्हा-सावलीचे त्रिकोण पडतात आणि साप खाली सरकतोय असं दिसतं, ते बघायला हजारो माणसं येतात. ज्यांना तेच बघायचंय त्यांनी जावं. बाकीच्यांनी ते दिवस टाळलेले बरे.

घड्याळाचा घोळ

हे वेगळं लिहितेय कारण यातच सगळ्यात जास्त ग्रुप गंडतात. कॅनकून, प्लाया देल कार्मेन, तुलुम हे किन्ताना रो राज्यात. चिचेन, वायादोलिद, एक बालम, मेरिदा हे युकातान राज्यात. किन्ताना रोचं घड्याळ युकातानच्या एक तास पुढे. म्हणजे कॅनकूनहून सकाळी सहाला निघालात आणि अडीच तास लागले तर तिथे पोचल्यावर साडेसात वाजलेले असतात. जाताना तास मिळतो, येताना तोच परत द्यावा लागतो. फोन सीमेजवळ कधी बदलतो कधी नाही, ड्रायव्हरशी बोलताना 'कुठल्या वेळेप्रमाणे' हे प्रत्येक वेळी विचारा.

गाडीचं काय

आठपर्यंत माणसं असतील तर ड्रायव्हरसकट व्हॅन ठरवणं सगळ्यात सुखाचं. वायादोलिदमधल्या तुम्ही राहताय त्या गेस्ट हाउसवाल्यालाच आदल्या दिवशी सांगा, त्यांच्या ओळखीतला कुणीतरी असतो. भाव ठरवताना चार गोष्टी तोंडावर बोलून घ्या: किती तास, कुठले कुठले स्टॉप, टोल आणि पार्किंग कुणाचं, आणि वाटेत दुकानात थांबवायचं नाही. व्हॉट्सॲपवर लिहून घेतलं तर उत्तम, स्पॅनिश येत नसेल तर ट्रान्सलेट ॲप जिंदाबाद.

दोघं-तिघंच असाल तर कोलेक्टिवो, म्हणजे आपली वडाप. व्हॅन भरली की निघते. वायादोलिदच्या बस स्टँडजवळून चिचेनच्या गेटपर्यंत सोडतात, पाऊण तास लागतो आणि पैसे अगदी किरकोळ. फक्त पहिली गाडी किती वाजता हे आदल्या संध्याकाळी जाऊन विचारून या, आणि परत येताना दुपारी वाट बघायची तयारी ठेवा.

स्वतः गाडी चालवणार असाल तर नेटवर दिसणाऱ्या त्या दिवसाला पाच डॉलरच्या भाड्याला भुलू नका. मेक्सिकोत थर्ड पार्टी लायबिलिटी इन्शुरन्स सक्तीचा आहे, तो काउंटरवर लागतो आणि बिल कुठच्या कुठे जातं, त्यामुळे सगळं धरून टोटल किती ते आधीच ईमेलवर मागवा. रस्ते चांगलेत. कॅनकून ते वायादोलिद टोलचा हायवे सरळसोट आहे, टोल सणसणीत आहे, कॅश ठेवा, आणि मधे पेट्रोल पंप-बाथरूमची फार सोय नाही. फुकटचा रस्ता गावागावातून जातो आणि प्रत्येक गावात तोपे, म्हणजे स्पीड ब्रेकर, काही तर न रंगवलेले. अंधार पडल्यावर त्या रस्त्याने जाऊ नका, एवढं ऐका. पंपावर माणूस पेट्रोल भरतो, मीटर शून्यावर आहे ना ते उतरून बघा, आणि त्याला पाच-दहा पेसो टिप द्या.

चिचेनजवळ, पिस्ते गावापाशी रस्त्यात मधेच शिट्टी वाजवत, हात करत काही जण गाडी थांबवायला बघतात, गळ्यात आयडी कार्ड असतं, 'पुढे पार्किंग नाही, तिकीट इथेच' वगैरे. तिकीट गेटवरच मिळतं आणि पार्किंग पण तिथेच आहे. हसून हात हलवा आणि पुढे जा.

रेल्वे पण आहे बरं का. २०२३ च्या डिसेंबरपासून ट्रेन माया सुरू झालीये, चिचेन आणि वायादोलिद दोन्हीला स्टेशन आहे. पण स्टेशनं गावापासून लांब आणि पहाटेची गाडी आपल्या सोयीची असेलच असं नाही, त्यामुळे एका दिवसाच्या प्लॅनमध्ये मी तिच्यावर भरवसा ठेवणार नाही.

दिवस कसा लावायचा

सगळ्या वेळा युकातानच्या. सव्वासहाला उठा. ग्रुपमध्ये एक जण कायम बाथरूममध्ये अडकलेला असतो, त्याला पावणेसहाला उठवा. सातला गाडीत. नाश्ता आदल्या रात्रीच घेऊन ठेवा, केळी, ब्रेड, आणि इथे जो मिळतो तो गोड पाव. पावणेआठला गेटवर रांगेत. आठला गेट उघडतं.

तिकिटाची गंमत अशी की दोन तिकिटं घ्यायची असतात, एक राज्य सरकारचं आणि एक केंद्राच्या पुरातत्त्व खात्याचं. दोन्ही मिळून परदेशी माणसाला ७०० पेसोच्या आसपास धरून चला, दरवर्षी वाढतं. दोन्ही कागद जपून ठेवा, आत जाताना दोन्ही बघतात. ग्रुपचा फायदा इथे घ्या, उतरल्या उतरल्या दोघांना दोन खिडक्यांवर पाठवा. ड्रोन चालत नाही, ट्रायपॉडला वेगळी परवानगी लागते.

गाइड घ्यायचा का? मी म्हणते घ्या, छोटा ग्रुप असेल तर माणशी फार येत नाही. सरकारी ओळखपत्र असलेला घ्या, पूर्ण ग्रुपचा मिळून किती आणि किती तास हे ठरवा. शक्यतो जवळच्या गावातला माया बोलणारा मिळाला तर बघा. ही माणसं इतिहासात गडप झालेली नाहीत, युकातेक माया भाषा आजही सात लाखांहून जास्त लोक बोलतात, तुमचा व्हॅनवाला पण घरी फोनवर तीच बोलत असेल.

आत कुठून कुठे

गेटमधून पाच-सात मिनिटं चाललं की एकदम समोर एल कास्तियो, कुकुलकान या सर्पदेवाचा पिरॅमिड. वरच्या देवळासकट साधारण ३० मीटर. आधी फोटो काढून घ्या, कारण साडेनऊनंतर माणसाशिवाय फोटो विसरा. मग जरा उभं राहून मोजा. चारही बाजूंना ९१ पायऱ्या, म्हणजे ३६४, आणि वरच्या देवळाची एक धरून ३६५. नऊ टप्पे आहेत पण मधल्या जिन्याने प्रत्येक बाजूचे दोन भाग होतात, म्हणजे अठरा, आणि मायांच्या वर्षात वीस-वीस दिवसांचे अठरा महिने आणि वर पाच दिवस. पूर्ण दगडी पंचांगच आहे. शून्य पण या लोकांनी आपलं आपण शोधून काढलं होतं, आपल्याकडच्या शून्याशी काहीही संबंध नसताना, आणि ते शिंपल्याच्या चित्राने लिहायचे, एकासाठी टिंब आणि पाचासाठी आडवी रेघ. मुलं बरोबर असतील तर त्यांना वाटेत गाडीत हे आकडे शिकवा, अर्धा तास शांतता मिळते.

उत्तरेच्या जिन्यासमोर उभं राहून एक टाळी वाजवा. परत येणारा आवाज टाळीचा नसतो, चिवकल्यासारखा, खाली उतरत जाणारा येतो. गाइड लोक सांगतात की तो केत्साल पक्ष्याचा आवाज आहे. मुद्दाम केलंय की योगायोग यावर वाद चालू आहेत, पण टाळी वाजवून बघायला काय जातंय.

मग डावीकडे बॉल कोर्टवर जा, ते सुद्धा लवकर, कारण नंतर तिथे शंभर लोक टाळ्या वाजवत असतात. १६८ मीटर लांब, सत्तर मीटर रुंद, आणि भिंतीत उंचावर दगडी कडी. एका टोकाचं बोलणं दुसऱ्या टोकाला ऐकू येतं म्हणतात, ग्रुपमधल्या दोघांना टोकाला पाठवून ट्राय करा. पण खरं बघायचं ते भिंतीच्या पायथ्याचं कोरीवकाम. एका खेळाडूचं मुंडकं उडवलंय, तो गुडघ्यावर बसलाय आणि मानेतून रक्ताऐवजी साप निघतायत. शेजारी कवट्या कोरलेला चौथरा आहे, सगळ्या बाजूंनी ओळीत कवट्याच कवट्या, प्रत्येकीचा चेहरा थोडा वेगळा.

तिथून पांढऱ्या रस्त्याने पवित्र सेनोटेपर्यंत जा, पाच मिनिटांचा रस्ता. हा पोहायचा नाही, बघायचा. उभे कडे, खाली हिरवं पाणी. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन कॉन्सुलने यातून गाळ उपसून सोनं, जेड, धूप आणि माणसांची हाडं काढली, त्यातलं बरंच हार्वर्डच्या म्युझियममध्ये गेलं. तो किस्सा गाइडकडून ऐका, प्रत्येकाचा रागाचा सूर वेगळा असतो.

परत येऊन योद्ध्यांचं मंदिर आणि खांबांचं जंगल. मग लोक दमून गेटकडे वळतात, तुम्ही वळू नका. दक्षिणेला एल काराकोल नावाची गोल वेधशाळा आहे आणि त्यापुढे लास मोन्खास, तिथल्या भिंतींवर सोंडेसारख्या नाकाचे पावसाच्या देवाचे मुखवटे एकावर एक रचलेत. या बाजूला झाडं आहेत, माणसं कमी आहेत, इग्वाना दगडावर ऊन खात पडलेल्या असतात. वेळ इथे घालवा.

आतल्या रस्त्यांवर विक्रेते दुतर्फा. जग्वारच्या डरकाळीची शिट्टी दर दोन मिनिटांनी वाजते, पहिल्यांदा दचकायला होतं. घ्यायचं असेल तर निघताना घ्या, भाव होतो, पण दहा पेसोसाठी घासाघीस करत बसू नका.

साडेदहा-पावणेअकराला बाहेर. नेमक्या तेव्हाच बसेस आत येत असतात.

पाण्याचा कार्यक्रम

चिचेनपासून सगळ्यात जवळचा प्रसिद्ध सेनोटे म्हणजे इक किल, वरून वेली लोंबतायत आणि साधारण २६ मीटर खाली गोल पाणी. दिसायला जबरदस्त, पण मोठ्या टूर बसेस तिथेच जातात. म्हणून माझा मार्ग असा की पश्चिमेला, मेरिदाच्या बाजूला फुकटच्या रस्त्याने योकदझोनोत गावी जायचं. तिथला सेनोटे गावकऱ्यांची सहकारी संस्था चालवते, बहुतेक बायका, आणि वर त्यांचंच जेवणघर आहे. पैसे गावात राहतात, गर्दी बेताची. साडेअकरा ते दीड तिथे, पोहणं आणि जेवण दोन्ही.

तिथून उलट वायादोलिदकडे. गावाच्या अलीकडे झित्नुपला श्केकेन आणि सामुला असे दोन सेनोटे एकाच आवारात आहेत, दोन्ही जमिनीखाली, गुहेतले. सामुलाच्या छताला एक भोक आहे आणि वरच्या झाडाच्या मुळ्या त्यातून सरळ खाली पाण्याच्या दिशेने उतरल्यात, दोरखंडासारख्या. पायरीवर पाय सोडून बसलात की बारके मासे येऊन टाचा कुरतडायला लागतात, गुदगुल्या होतात, किंचाळणारे किंचाळतात आणि गुहेत घुमतं. तीनला आत, साडेचारला बाहेर.

आता हे सेनोटे आहेत काय ते समजलं की काळजी कसली घ्यायची ते आपोआप कळतं. हा सगळा प्रदेश चुनखडीचा सपाट थर आहे. पावसाचं पाणी झिरपून खाली जातं, वर नद्या अशा नाहीतच, सगळं वाहतं ते जमिनीखाली. खालची पोकळी वाढली की एक दिवस छत कोसळतं आणि खाली पाणी दिसतं, तो सेनोटे. सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वी डायनासोर संपवणारी उल्का या द्वीपकल्पाच्या उत्तर टोकाला, चिक्शुलुबला पडली, आणि त्या विवराच्या कडेने सेनोटेंची अख्खी कमान आहे.

म्हणजे पहिली गोष्ट, इथे किनारा नसतो. नदीसारखं घोट्याएवढं, गुडघ्याएवढं, कमरेएवढं असं काही नाही. शेवटच्या पायरीवरून पाय टाकला की थेट खोल, कुठे पंधरा मीटर, कुठे चाळीस. लाइफ जॅकेट बहुतेक ठिकाणी सक्तीचं आहे, आणि पट्टे मांडीखालून, छातीवरून नीट आवळा, सैल जॅकेट पाण्यात कानापर्यंत वर येतं. आडवी दोरी बांधलेली असते. पोहता न येणाऱ्या आपल्या काकू-मावशी जॅकेट घालून दोरी धरून मस्त अर्धा अर्धा तास तरंगतात, त्यांना वरती बॅगा सांभाळायला बसवू नका. उडी मारायची तर तिथला माणूस दाखवेल तिथूनच.

दुसरी गोष्ट, हेच पाणी पुढे गावांच्या विहिरींमध्ये जातं. म्हणून पाण्यात उतरायच्या आधी शॉवर घ्यायला लावतात आणि सनस्क्रीन, डासांचं क्रीम, तेल काही चालत नाही. मग सकाळी चिचेनच्या उन्हात काय करायचं? पूर्ण बाह्यांचा पातळ सुती शर्ट, मोठी टोपी, आणि गालांना काय लावायचं ते थोडं लावा, सेनोटेवर साबण न लावता चोळून धुवा. डोक्याला खोबरेल तेल लावून आलेल्यांनी केस आधी धुवून यावं, पाण्यावर तवंग दिसतो.

पाणी साधारण २४-२५ अंश असतं, पहिल्या क्षणाला हुडहुडी, मग छान. आणि गार पाण्यात बोटं आकसतात. अंगठ्या, सैल बांगड्या, मंगळसूत्र सगळं काढून हॉटेलच्या लॉकरमध्ये ठेवा. चाळीस मीटर खाली गेलेलं मंगळसूत्र वर येत नाही. चष्म्याला दोरी लावा. फोनला तरंगणारं पाऊच.

कपडे: स्विमसूट संकोचाचा वाटत असेल तर रॅश गार्ड आणि लेगिंग चालतं. जाड कॉटनचा टीशर्ट आणि जीन्सची शॉर्ट घालू नका, ओली झाली की वजन होतं आणि संध्याकाळपर्यंत वाळत नाही. रबरी सोलचे पाण्यातले बूट हवेतच, पायऱ्या शेवाळलेल्या असतात. टॉवेल आपला न्या. लॉकरला सुटे पैसे लागतात.

गुहेच्या तोंडाशी झाडीत निळसर हिरवा पक्षी दिसला, शेपटीच्या टोकाला दोन गोल पिसं आणि मधली दांडी उघडी, तर तो तोह. तो शेपटी घड्याळाच्या लंबकासारखी हलवत बसतो. सेनोटेच्या कपारीतच घरटं करतो.

शाकाहारी लोकांनी

युकातानचं खाणं डुकराच्या आणि टर्कीच्या मांसावर उभं आहे, कोचिनिता पिबिल (मंद भाजलेलं डुकराचं मांस) सगळीकडे. पण उपाशी राहायची वेळ येत नाही. सिकिल पाक मागा, भोपळ्याच्या भाजलेल्या बिया, टोमॅटो, कोथिंबीर आणि हाबानेरो ही जहाल मिरची वाटून केलेलं, आपल्या तिळाच्या चटणीच्या जवळ जाणारं, मक्याच्या चिप्सबरोबर. अंडं चालत असेल तर पापाझुलेस, टॉर्टियात उकडलेलं अंडं आणि वरून त्याच बियांचा हिरवा रस. चाया नावाची पालेभाजी अंड्यात घालतात आणि तिचं लिंबू-साखर घालून सरबत पण करतात.

घोळ होतो तो काळ्या घेवड्याच्या उसळीत, म्हणजे फ्रिहोलेसमध्ये. दिसायला शाकाहारी, पण बऱ्याचदा डुकराच्या चरबीत परतलेलं. म्हणून नुसतं 'व्हेजिटेरियन' म्हणून भागत नाही, वाक्य पाठ करा: 'सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो, सिन मान्तेका'. मांस नको, चिकन नको, मासे नको, चरबी नको. लिंबाचं सूप, सोपा दे लिमा, चिकनच्या पाण्यात असतं. जैन मंडळींनी सरळ मेथीचे ठेपले आणावेत, विमानात चालतात. हाबानेरो सॉस बाजूच्या वाटीत येतो, आपल्याला तिखटाची सवय आहे म्हणून चमचाभर ओतू नका, आधी एक थेंब.

पैसे आणि किटी

सगळ्यांनी सकाळी ठराविक पेसो काढून एकाकडे किटी जमा करा. पार्किंग, लॉकर, टिप, टॉयलेट, सेनोटेंची तिकिटं (एकेकाचं १५० ते २५० पेसोच्या दरम्यान धरा) यातूनच द्या, नाहीतर दर ठिकाणी आठ जण आठ पाकिटं काढतात. एक पेसो म्हणजे साधारण पाच रुपये. गावातल्या सेनोटेंवर कार्ड चालेलच असं नाही. वायादोलिदच्या बँकेच्या एटीएममधून काढा, आणि मशीन 'आमच्या दराने बदलून देऊ का' विचारेल तेव्हा नाही म्हणा. डॉलर घेतात, पण भाव त्यांचा.

पाचनंतर

वायादोलिदला परत, अंघोळ, आणि चौकात. चर्चसमोरच्या बागेत समोरासमोर तोंड करून बसायच्या पांढऱ्या जोडखुर्च्या आहेत, त्यात बसा. गाडीवर मार्केसिता मिळते, कुरकुरीत सुरळी, आत किसलेलं एडाम चीज आणि हवं तर कॅरॅमल. चीज आणि गोड एकत्र ऐकून नाक मुरडू नका. हॅमॉक घ्यायचा असेल तर याच गावात घ्या.

त्याच रात्री कॅनकूनला परतायचं असेल तर सहाच्या आत निघा, टोलच्या रस्त्यानेच, आणि पोचायची वेळ काढताना तो एक तास मिळवा. सहाला निघालेली गाडी तिथल्या घड्याळाप्रमाणे साडेनऊला पोचते, रिसॉर्टचा बुफे तोवर बंद होत आलेला असतो. दुसऱ्या दिवशी फ्लाइट असेल तर फोन ऑटोमॅटिकवर न ठेवता वेळ हाताने कॅनकूनची लावूनच झोपा.